इशिताला नेमकं कुठे धरायचं

मनुष्यप्राणी मर्त्य आहे, ही बाब मीरा-भाईंदर परिसरात बरीच वर्षं दुर्लक्षित राहिली होती. लोक मरत नव्हते असं नाही. पण मरण हा ज्याचा त्याचा खाजगी मामला समजला जाई, आणि फार तर सोसायटीच्या फळ्यावर खडूने दोन ओळी लिहून त्या दिवसापुरती एक लिफ्ट मोकळी ठेवण्याची विनंती केली जाई. मर्त्यपणा हा वेळीच लक्षात आला तर टाळता येतो, याकडे पालकांचं लक्ष प्रथम वेधलं ते पूनम सागर वसाहतीतल्या 'अकिलीस बाल-अभेद्यता केंद्रा'ने. हे ऋण मान्य करायलाच हवं. त्याआधी त्या जागेत झुंबा चालायचा आणि समाजाला त्याचा काहीही उपयोग नव्हता.

केंद्राच्या माहितीपत्रकानुसार जगातल्या मुलांचे दोन प्रकार पडतात : हीरो आणि मर्त्य. (तिसरा प्रकार देव, तो स्थानिक पातळीवर उपलब्ध नाही.) प्राचीन ग्रीक लोकांनी हे वर्गीकरण शेकडो वर्षं कुठलीही तक्रार न येता चालवलं. हीरोंची नावं पुराणात आली. मर्त्यांची आली नाहीत, कारण ते संख्येने फार होते आणि हीरोंच्या गोष्टींमध्ये मरण्याच्या कामात गुंतलेले होते. माहितीपत्रकाच्या शेवटी ठळक अक्षरांत एकच प्रश्न विचारला होता : आपलं मूल कोणत्या यादीत हवं?

निशिगंधाने तो प्रश्न वाचला तेव्हा तिच्या कडेवर अकरा महिन्यांची इशिता होती आणि माहितीपत्रकाचा एक कोपरा इशिताच्या तोंडात होता. तो ओढून काढताना निशिगंधाच्या मनात आधी आलं की शाई विषारी असेल. आणि मग आलं की मुलगी मर्त्य आहे.

निशिगंधा काळजीच्या बाबतीत नवशिकी नव्हती. ती प्राणिशास्त्राची पदवीधर, आणि लग्नानंतर या पदवीचा उपयोग मुख्यत्वे डास चावायच्या आत त्याची जात ओळखण्यासाठी होत होता. परळहून मीरा रोडला राहायला आल्यापासून तिने घरातल्या एकोणीस टोकदार कोपऱ्यांना फोम लावला होता. विसावा कोपरा म्हणजे नवऱ्याचं, परागचं, हाताचं कोपर. बाळाला घ्यायच्या आधी तो आपणहून बाही खाली करायला शिकला होता. खेळण्यातल्या हत्तीचे डोळे तिने दुकानातून आणल्या दिवशीच काढून ठेवले होते, कारण ते गिळता येण्याजोगे होते. हत्ती आंधळा झाला, पण सुरक्षित झाला. अशा बाईला मूल अभेद्य करून मिळेल असं सांगणारं केंद्र घरापासून चार मिनिटांवर निघावं, याला योग म्हणावं की सापळा, हे ठरवायला तिच्याकडे वेळ नव्हता. बॅच भरत आली होती.

मूळ प्रकरण असं. ग्रीक देशात थेटिस नावाच्या एक बाई होत्या. त्या स्वतः समुद्रातल्या देवता, म्हणजे माहेर उत्तम. पण नवरा मर्त्य मिळाला. त्यांना मुलगा झाला, अकिलीस. मुलगा बापावर जाईल या भीतीने बाईंनी त्याला पाताळातल्या स्टिक्स नावाच्या नदीत बुचकळून काढलं. त्या पाण्याचा गुण असा, की ते जिथे लागेल तिथे पुढे शस्त्र चालत नाही. मात्र बुचकळताना बाईंनी मुलाला टाचेला धरलं होतं. तेवढी टाच कोरडी राहिली. मुलगा मोठा होऊन ट्रॉयच्या लढाईत गेला, तिथे त्याने असंख्य मर्त्य मारले, आणि शेवटी एक बाण नेमका त्या टाचेत लागून तो गेला. तेव्हापासून आजतागायत मुलाने केलेल्या कर्तृत्वाची चर्चा थोडी आणि आईने त्याला कुठे चुकीचं धरलं याची चर्चा फार, हा प्रघात आहे. तो फक्त ग्रीक देशापुरता आहे असं मानायला आधार नाही.

आता पाण्याचा प्रश्न. स्टिक्स नदी पाताळात वाहते. पाताळ जमिनीखाली असतं. केंद्राचे संचालक गुणवंतभाई यांच्या मेव्हण्याने काशीगावच्या बाजूला बोअरवेल खणली, तेव्हा तीनशे दहा फुटांवर पाणी लागलं, तेही जमिनीखालीच. या तीन विधानांतून जो निष्कर्ष निघतो तो काढायला केंद्राला फार वेळ लागला नाही. पाण्याची चाचणी आपोआप झाली. पहिल्याच दिवशी टँकरवाल्याचा हात पंपाच्या पट्ट्यात गेला आणि पट्टा तुटला. हाताला काही झालं नाही. टँकरवाल्याला ही गोष्ट विशेष वाटली नाही. त्याला पट्ट्याचं वाईट वाटलं.

निशिगंधा तरीही शंका काढत बसली असती, पण तिने साईराजला पाहिलं. साईराज हा शेजारच्या वासंतीचा अडीच वर्षांचा मुलगा. तो सोसायटीच्या घसरगुंडीवरून डोक्यावर पडला आणि घसरगुंडीला तडा गेला. साईराज उठला, आणि पुन्हा चढायला शिडीकडे निघाला. समितीने 'घसरगुंडी दुरुस्तीसाठी बंद' अशी पाटी लावली, तर त्याने ती पाटी वाकवली.

"आपण केलंय ना त्याचं," वासंती बाकावर बसल्या बसल्या म्हणाली. "टाचेला धरून. बारा सेकंद फक्त. रडला पण नाही. तू कधी करतेयस?"

त्या 'तू कधी करतेयस'मध्ये काय होतं, हे मूल असलेल्या बाईला सांगावं लागत नाही. जन्मदाखल्यापासून शाळाप्रवेशापर्यंत सगळं याच प्रश्नावर चालतं. निशिगंधाने दुसऱ्या दिवशी नाव घातलं.

केंद्रात पालकांचं समुपदेशन करायला स्वाती मॅडम होत्या. त्यांनी इशिताकडे प्रेमाने पाहिलं आणि भिंतीवरच्या तक्त्याकडे बोट दाखवलं. तक्त्यावर हीरोंच्या वाढीचे टप्पे दिले होते. हेराक्लीस, वय महिने आठ : पाळण्यात शिरलेले दोन साप गळा दाबून मारले. पर्सियस, वय अगदीच तान्हं : आईसकट पेटीत बंद करून समुद्रात सोडला असता सुखरूप किनाऱ्याला लागला. शेवटी एक रिकामी ओळ, 'आपलं मूल' अशी. स्वाती मॅडमनी पेन उघडून विचारलं, की इशिता अकराव्या महिन्यात काय करते.

निशिगंधाला खरं सांगायची सवय होती. ती म्हणाली, मिक्सर लागला की रडते.

स्वाती मॅडमनी ते कुठलाही शेरा न मारता लिहून घेतलं, आणि निशिगंधाला पहिल्यांदाच आपल्या मुलीची लाज वाटली. नंतर लाज वाटल्याची लाज वाटली. (केंद्राच्या एका पाहणीनुसार दर दहा मातांपैकी नऊ मातांना या टप्प्यावर अशी दुहेरी लाज वाटते. दहावी माता तोवर फॉर्म भरून मोकळी झालेली असते.)

फॉर्म सोपा होता. मुलाचं नाव, वय, वजन, आणि चौथा रकाना : 'धारण-बिंदू', म्हणजे बुचकळताना आई मुलाला कुठे धरणार ती जागा. नियम स्पष्ट होते. जागा एकच असावी. दोन्ही हातांनी धरू नये. हातमोजे, चिमटा, कापडाची झोळी किंवा गाळणी चालणार नाही. जागा एकदा लिहिली की बदलता येणार नाही, कारण ती जागा आयुष्यभर कच्ची राहणार आणि तशी नोंद राहणार. "थेटिसबाईंची चूक काय होती माहितेय, मॅम?" स्वाती मॅडम म्हणाल्या. "त्यांनी विचार न करता धरलं. त्यांना कौन्सेलिंग नव्हतं."

निशिगंधा चौथा रकाना कोरा ठेवून घरी आली. बॅचला नऊ दिवस होते.

मागच्या अनुभवातून शिकावं म्हणून तिने केंद्राची आकडेवारी मागवली. तोवर दोनशे बारा मुलं बुचकळून झाली होती. त्यांपैकी एकशे अठरा टाचेला धरून, परंपरेचा मान राखून. एकेचाळीस मनगटाला. सव्वीस जावळाला. चौदा कानाला. उरलेली तेरा 'इतर' या सदरात मोडत होती, आणि त्यातलं एक प्रकरण केंद्रात जरा हळू आवाजात सांगितलं जाई. एका आजोबांनी नातवाला लंगोटाला धरून बुडवलं. लंगोट सुटला. मुलगा गटांगळी खाऊन वर आला तो नखशिखांत अभेद्य होऊनच. परिसरातला हा एकमेव संपूर्ण हीरो. त्याची नखं आता काशीमिऱ्याच्या एका गॅरेजमध्ये कापतात, तीही मालकाला सवड असेल तेव्हा.

जावळाची कल्पना निशिगंधाला फार आवडली होती. मुलाला केसांना धरायचं, म्हणजे कच्ची राहील ती केसांची बट; मग यथाविधी जावळ काढायचं, की कच्ची जागाच कापली गेली. ग्रीकांकडे जावळाची पद्धत नसल्यामुळे त्यांना हे सुचलं नसावं. इतकी निर्दोष योजना गेल्या हजारो वर्षांत झाली नव्हती, असं परागचंही मत पडलं. मग निशिगंधा खात्री करायला कोपऱ्यावरच्या विठूच्या सलूनमध्ये गेली, तर विठूने तिला वस्तऱ्याची तीन पाती दाखवली. तिन्हींना दाते पडले होते. धरलेली बट निघाली, त्याने सांगितलं. पण बाकीचं डोकं बुडालेलं, त्याला वस्तरा लागेना. मुलगा पुढून टकला आणि मागून जंगल असा घरी गेला. शिवाय त्या टकलावर पंधरा दिवसांनी पुन्हा कच्चे केस आले, म्हणजे पुन्हा जावळ आलं, आणि जावळ म्हटलं की मांडीवर घ्यायला मामा आला. चौथ्या जावळानंतर मामाने नागपूरला बदली मागून घेतली.

घरातही मतं कमी नव्हती. सासूबाई, मनोरमाबाई, गुहागरच्या. त्यांचं म्हणणं कानाला धरावं. मुलीचे कान अजून टोचायचे राहिलेत, सगळं अंग पक्कं झालं तर सोनाराची तार आत जाणार कशी, आणि भुंड्या कानांची मुलगी घेऊन त्या गावी तोंड कसं दाखवणार. निशिगंधा म्हणाली, पण आई, कान कच्चे राहिले तर शाळेत कोणी कान पिरगळला म्हणजे. मनोरमाबाई म्हणाल्या, आमचे सगळ्यांचे पिरगळले, आम्ही मेलो का. हा मुद्दा वस्तुस्थितीला धरून होता.

परागने कचेरीत बसून या विषयाचा तक्ता केला आणि करंगळी सुचवली. मानवी शरीरातला सर्वांत कमी वापरातला अवयव, असं त्याचं कारण. निशिगंधाने दाराच्या बिजागरीकडे पाहिलं. दारात पहिली सापडते ती करंगळीच. पराग म्हणाला, दाराला फोम लाव. ती म्हणाली, जगातल्या सगळ्या दारांना? परागने तक्ता बंद केला.

दंडाची बाजू मात्र भक्कम होती. हीरो मुलांना लस टोचता येत नव्हती. सुया वाकत होत्या. शेवटी डॉक्टर लोक ज्या त्या मुलाच्या कच्च्या जागेत लस टोचू लागले, आणि दवाखान्याबाहेर 'पालकांनी धारण-बिंदूची चिठ्ठी सोबत आणावी' अशी सूचना लागली. दंड कच्चा ठेवला तर निदान लस तरी रीतसर जागी बसेल. निशिगंधाने फॉर्मवर पेन्सिलीने 'दंड' लिहिलं. मग तिला दंडाला धरून ओढणारे लोक आठवले. तिने ते खोडलं. मनगट लिहिलं, आणि मनगट पकडणारे आठवले. ते खोडलं. वेणी, खांदा, कंबर, पाठ. खोडरबर संपत आलं. मुलीला जिथे जिथे धरता येत होतं, तिथे तिथे उद्या दुसरं कोणीतरी धरू शकत होतं. नऊ दिवसांतले सहा गेले होते आणि निशिगंधाच्या हाताशी एकच निष्कर्ष होता, की तिच्या लेकीच्या अंगावर आपण होऊन उघडी टाकावी अशी पैशाएवढीही जागा नाही.

सातव्या दिवशी ती इशिताला घेऊन बागेत गेली. साईराज नवीन घसरगुंडीवरून पडत होता. आता त्याचा तोच खेळ होता. निशिगंधाला सवयीने सगळं टिपायचं असतं, तिने मोजलं : पावणेपाच ते सव्वापाच, पडला अकरा वेळा. रडला शून्य वेळा. आईकडे पाहिलं, शून्य वेळा. इशिता त्याच वेळात एकदा बसल्या जागी कलंडली आणि निशिगंधाकडे चार वेळा पाहून घेतलं. एकदा पडायच्या आधी, तीनदा नंतर.

"सुटले मी," वासंती म्हणाली. "आता मोबाइल बघत बसते आरामात. पूर्वी दिवसातून वीसदा यायचा, मम्मी इथे लागलं, मम्मी फू कर. आता काही लागतच नाही, तर येणार कशाला."

निशिगंधा म्हणाली, बरं झालं की.

"हो ना. मस्तच झालं." वासंती थोडा वेळ मोबाइल वर-खाली सरकवत राहिली. मग साईराज जवळून जाताना तिने त्याला पकडलं, त्याचा बूट काढला, आणि टाचेला गुदगुल्या केल्या. मुलगा खदखदून हसला. तिने पोटाला केल्या. तो तिच्याकडे सोसायटीच्या वॉचमनकडे पाहावं तसा पाहत राहिला. "बघ, इथेच फक्त," वासंती म्हणाली आणि बूट परत चढवला. "पापी पण टाचेचीच घेते मी. बाकी ठिकाणी घेतलेली त्याला कळतच नाही."

आठव्या दिवशी सकाळी राई गावच्या सरूबाई मासळी घेऊन दारात आल्या. त्यांनी इशिताला जन्मल्यापासून पाहिलेलं, त्यामुळे पापलेटाच्या बरोबरीने चौकशी व्हायची. निशिगंधाच्या डोळ्यांखालची काळी वर्तुळं पाहून त्यांनी कारण विचारलं, आणि निशिगंधाने का कोण जाणे सगळं सांगितलं. सरूबाईंनी पाटी खाली ठेवून ते नीट ऐकून घेतलं. त्यांना पाण्याबद्दल शंका नव्हती. खाडीकाठी जन्म गेलेला, पाणी काहीही करू शकतं हे त्यांना ठाऊक होतं. त्यांची शंका वेगळी होती.

"म्हंजे तू हात लावशील थयच पोर कच्ची ऱ्हायल?"

हो, निशिगंधा म्हणाली.

"न हात न्हाय लावला तं बुडंल."

हो.

"मंग ह्यात पान्याचा काय हाय, बाय? आपलीबी पोरा अशीच मोठी केली न आपुन." सरूबाईंनी पाटी डोक्यावर घेतली. "कोलंबी ठेवू का पाव किलो?"

निशिगंधाने कोलंबी घेतली, पण सल्ला घेतला नाही. तो फुकट होता आणि त्याला तक्ता जोडलेला नव्हता.

रविवारी सकाळी दहाची बॅच. झुंब्याच्या आरशांसमोर निळी प्लास्टिकची टाकी, छातीइतक्या पाण्याची. बाजूला स्टॉपवॉच घेऊन स्वाती मॅडम, आणि रांगेत एकोणीस आया आपापला हीरो काखेत घेऊन. नंबर लागला तसं स्वाती मॅडमनी फॉर्म उघडला. चौथ्या रकान्यात खोडाखोडीचा एक राखाडी ढग होता.

"मॅम, जागा फायनल नाही?"

निशिगंधा म्हणाली, दोन मिनिटं द्या.

"बेन, जरा जल्दी करो," गुणवंतभाई मागून म्हणाले. "पाछळ लाइन छे. नक्की नसेल तर टाच लिहून टाका, टाच सगळे करतात."

सगळे करतात, हे दोन शब्द ऐकल्यावर चांगल्या चांगल्या शिकलेल्या माणसाचा हात आपोआप हलतो. निशिगंधाने टाच धरली. इशिताला उलटं केलं. इशिताने खालून वर आईचे गुडघे पाहिले, आरशात आणखी आठ-दहा आया पाहिल्या, आणि हा काहीतरी नवीन खेळ आहे असं समजून हसली. टाकीच्या काठाशी गेल्यावर मात्र तिला पाणी दिसलं. तेव्हा तिने अकरा महिन्यांच्या मुलीला जे करता येतं ते केलं. वर वळून आईचा कुडता मुठीत धरला. मग दुसऱ्या मुठीत आईची वेणी धरली.

इथे केंद्राची अडचण झाली. आईने मुलाला कुठे आणि कसं धरावं याबद्दल नियमावलीत एकवीस कलमं होती. मुलाने आईला धरलं तर काय, याबद्दल एकही नव्हतं. स्वाती मॅडमनी बोटं सोडवायचा प्रयत्न केला. एक सोडवलं की दुसरं बसायचं. हेराक्लीसने सापांच्या गळ्यांना धरलं असेल ते याहून घट्ट नसावं, पण तसा उल्लेख नंतर अहवालात करण्यात आला नाही.

निशिगंधाने मुलीला सुलटं केलं. तिने इशिताला छातीशी घेतलं, एक हात पाठीला, एक हात डोक्यामागे, हनुवटी टाळूवर. जिथे जिथे म्हणून मुलगी होती तिथे तिथे ती झाली. आणि चपला काढून, कुडत्यासकट, ओढणीसकट, टाकीत उतरली.

"मॅम, एकच जागा," स्वाती मॅडम म्हणाल्या. "मॅम, एक म्हणजे एक."

"एकच आहे," निशिगंधा म्हणाली, आणि बुडी मारली.

बारा सेकंदांनी दोघी वर आल्या तेव्हा इशिता शिंकली. तांत्रिक तपासणी लगेच झाली. टाचणी लावून पाहता मुलगी सर्वत्र मर्त्य आढळली. अपवाद एकच : डाव्या पायाचा अंगठा. आई सगळीकडे पुरली, तिथे तेवढी पुरली नव्हती. त्या अंगठ्यावर टाचणी वाकली. ग्रीक देशात टाच सोडून मुलगा अमर झाला होता. मीरा रोडला अंगठा सोडून मुलगी मर्त्य राहिली. केंद्राने तसा दाखलाही दिला : 'कु. इशिता, मर्त्य (अंगठा वगळून)'.

निशिगंधाचं जे झालं त्यासाठी मात्र केंद्राकडे फॉर्म नव्हता. तिची पाठ, कोपरं, पोटऱ्या, हातांची मागची बाजू, सगळं पाण्यात व्यवस्थित भिजलं होतं. परत येताना रिक्षाचा आरसा तिच्या कोपराला लागला आणि फुटला. कच्ची राहिली होती ती फक्त पुढून. जिथे जिथे इशिता चिकटली होती, तेवढीच निशिगंधा. खांद्याचा खळगा, गळा, छाती आणि डावी कड. अशा प्रकारे परिसरात एक हीरो तयार झाला होता, पण ती आई असल्यामुळे कोणाच्या लक्षात आलं नाही.

परागने घरी आल्यावर विचारलं, मग नक्की झालं काय?

"अंगठा झाला," निशिगंधा म्हणाली.

परागने अंगठा पाहिला. चांगला झालाय, म्हणाला. मनोरमाबाईंनी कान पाहिले, कच्चेच आहेत याची खात्री केली, आणि सोनाराला फोन लावला.

संध्याकाळी इशिता टीपॉयला धरून उभी राहिली आणि फोम लावलेल्या कोपऱ्यावर न आपटता, मोठ्या हुशारीने, मधल्या कडेवर आपटली. कपाळावर टेंगूळ आलं. तिने आधी आईकडे पाहिलं, मग भोकाड पसरलं, मग दोन्ही हात वर केले. निशिगंधाने तिला उचलून फू केलं. मुलगी तिच्या कच्च्या खांद्यात तोंड खुपसून रडली, आणि निशिगंधाला इतकं बरं वाटलं, की आपल्याला इतकं बरं का वाटतंय याचीच तिला काळजी वाटू लागली.

केंद्र यातूनही शिकलं. पुढच्या महिन्यापासून तिथे 'आईसकट मर्त्य बॅच' निघाली. तिला हीरो बॅचहून मोठी रांग आहे आणि तिचा फॉर्म सहा पानी आहे. त्यात मुलाने आईला कोणत्या हाताने धरावं, याचीही आता कलमं आहेत. वासंतीने चौकशी केली, तर एकदा बुडालेलं मूल परत घेत नाहीत, असं सांगण्यात आलं. ती रोज सव्वापाचला टाचेची पापी घेते.

हा वृत्तान्त इथे संपवताना वाचकांना एक सूचना. निशिगंधाला हसून झालं असेल, तर आपणही मघाशी कान, मनगट, जावळ वाचता वाचता आपल्या मुलासाठी मनातल्या मनात एक जागा पक्की केली होती, हे नाकारू नये. केंद्रात फोन लावल्यावर पहिल्यांदा तीच विचारतात. ज्यांना मुलं नाहीत त्यांनी नाराज व्हायचं कारण नाही, त्यांची तपासणी घरबसल्या होते. आपल्या आईला आपण शेवटचा फोन कधी केला आणि तो किती घाईत ठेवला, हे शांतपणे आठवून पाहावं. आठवताना अंगात जिथे दुखेल, तिथे तिने आपल्याला धरलं होतं. कुठेच दुखलं नाही, तर अभिनंदन. आपण हीरो आहात.